बाबांच्या मान्यतेला लागलेलं ग्रहण

तुरतुरीचे बाबा विज्ञानाचे शिक्षक आहेत, हे सगळ्यांना दिसत होतं. फळ्याला दिसत होतं, प्रयोगशाळेतल्या सांगाड्याला दिसत होतं, शेवटच्या बाकावर डोळे उघडे ठेवून झोपणाऱ्या मुलालासुद्धा अधूनमधून दिसत होतं. फक्त सरकारला दिसत नव्हतं. सरकारला शिक्षक असा नुसता डोळ्यांनी दिसत नाही. त्याला मान्यता लागते, म्हणजे शिक्षण कार्यालयाचा सहीशिक्क्याचा होकार. तो येईपर्यंत माणूस वर्गात कितीही घसा फोडून शिकवत असला तरी सरकारच्या लेखी तिथे नुसती हवा.

आता ही मान्यता का अडली होती? तर शाळेनं बाबांना नेमण्याआधी कार्यालयाची पूर्वपरवानगी घ्यायला हवी होती. शाळा म्हणायची, आम्ही मागितली होती, तुम्ही उत्तरच दिलं नाहीत. कार्यालय म्हणायचं, उत्तर दिलं नाही याचा अर्थ ‘हो’ असा होत नाही. शाळा म्हणायची, ‘नाही’ असाही होत नाही. तुरतुरीला हे भांडण फार ओळखीचं वाटायचं. सहलीला जाऊ का असं विचारल्यावर आई अशीच गप्प बसायची आणि सहल निघायच्या दिवशी म्हणायची, “मी कधी हो म्हटलं?” फरक इतकाच, की आईविरुद्ध कोर्टात जाता येत नाही. कार्यालयाविरुद्ध येतं. म्हणून बाबा गेले.

कोर्टानं दोन्ही बाजूंचं ऐकून घेतलं आणि सांगितलं, एवढं भांडताय कशाला? कार्यालयाच्या साहेबांनी स्वतः शाळेत जाऊन बघावं, विज्ञानाच्या शिक्षकाची तिथे गरज आहे की नाही. असेल तर मान्यता द्या, नसेल तर तसं सांगा.

घरात आनंदीआनंद झाला. गरज नाही असं कोण म्हणणार? तुरतुरीच्या वर्गात एकदा बाबा पाच मिनिटं उशिरा आले होते, तेवढ्यात मुलांनी चुंबक गिळून दाखवायची पैज लावली होती.

पण साहेब काही येईनात. मग इमारतीतल्या सल्लागार मंडळाची बैठक बसली. हे मंडळ कोणी नेमलेलं नव्हतं, त्याला कोणाची मान्यताही नव्हती, पण ते कधी अडून राहिलं नाही. खालच्या मजल्यावरचे रिटायर्ड काका अध्यक्ष. त्यांची सगळी हयात सरकारी पाणी खात्यात गेली होती, त्यामुळे सरकार त्यांना तळहातावरच्या रेषांसारखं पाठ होतं.

“सर, कागद पाठवत बसू नका,” काका म्हणाले. “कागदावर कागद बसतो. माणसावर माणूस बसत नाही. स्वतः जाऊन साहेबांच्या दारात उभे राहा. विचारा, कधी येताय?”

“आणि पांढरा शर्ट घाला,” वरच्या मजल्यावरच्या शिवणकामवाल्या मावशी म्हणाल्या. “पांढऱ्या शर्टाला नाही म्हणताना माणसाची जीभ अडखळते. मी बघितलंय.”

“आणि जास्त बोलू नका,” आई म्हणाली. “तुम्ही बोलायला लागलात की शिकवायलाच लागता. मागे गॅसवाल्याला ज्वलनाचे प्रकार समजावलेत. तेव्हापासून तो सिलिंडर खालीच ठेवून जातो.”

बाबांनी पांढरा शर्ट घातला आणि शाळेतून एका दिवसाची रजा काढून कार्यालयात गेले.

नेमके त्याच दिवशी साहेब शाळेत आले.

हा काही चमत्कार नव्हता. साहेबांची पद्धतच तशी होती. पाहणी करायची ती न सांगता, म्हणजे खरं चित्र दिसतं. त्यामुळे तिकडे कार्यालयात बाबांनी विचारलं, “साहेब आहेत का?” तर कारकून म्हणाला, “पाहणीला गेलेत.” “कुठे?” “ते गोपनीय आहे.” बाबा म्हणाले, ठीक आहे, थांबतो. आणि ते पांढऱ्या शर्टात, पाठ ताठ ठेवून बाकावर बसून राहिले, ज्या माणसाची वाट बघत होते तो आपल्याच वर्गात आपली वाट बघतोय याची सुतराम कल्पना नसताना.

आता इकडे वर्गात काय झालं ते सांगायलाच हवं, कारण सगळं रामायण तिथे घडलं.

तुरतुरी हे काही तिचं पाळण्यातलं नाव नव्हतं. ते अलीकडेच पडलं होतं. वर्षभरापूर्वीपर्यंत ती हजेरीला ‘हजर’ म्हणतानाही बाकाखाली वाकायची. मग एकदा कोणीच मिळेना म्हणून मोठ्या बाईंनी, म्हणजे मुख्याध्यापिकाबाईंनी, तिला वक्तृत्व स्पर्धेत ढकललं आणि तिचा दुसरा नंबर आला. स्पर्धक तीनच होते आणि तिसऱ्याला ऐनवेळी ताप आला होता, पण या तपशिलांना काय करायचंय? व्यासपीठावर उभं राहिलं की लोक ऐकतात, हा शोध तिला लागला, आणि तेव्हापासून पृथ्वीतलावर आपल्याला जमणार नाही असं काही आहे यावरचा तिचा विश्वासच उडाला.

त्या दिवशी विज्ञानाचा तास रिकामा. वर्गात बाजार भरलेला. अशात मोठ्या बाई पाहणीला फिरल्या तर नाव कोणाचं खराब होणार? बाबांचं! तुरतुरी ताडकन उठली, फळ्यापुढे गेली आणि डस्टर टेबलावर आपटलं.

“गप्प बसा सगळे! आजचा धडा, चंद्राच्या कला.”

तो धडा तिनं वाचलेला नव्हता. पण वाचायचं काय त्यात? जरा डोकं लढवलं की कळतं. प्रयोगशाळेतून तिनं टॉर्च आणला, खेळाच्या खोलीतून पांढरा चेंडू उचलला, खिडक्या लावून घेतल्या आणि पहिल्या बाकावरच्या मैत्रिणीला मध्ये उभं केलं.

“हा टॉर्च म्हणजे सूर्य. हिचं डोकं म्हणजे पृथ्वी.”

“पोकळ आहे!” मागून कोणीतरी ओरडलं.

“गप्प! हा चेंडू म्हणजे चंद्र. आता बघा, पृथ्वी मध्ये आली की तिची सावली चंद्रावर पडते. जराशी पडली, चंद्र जरासा खाल्ला. अर्धी पडली, अर्धा चंद्र. सगळी पडली की अमावास्या. पडलीच नाही तर पौर्णिमा. संपलं! यात अवघड काय आहे?”

वर्ग थक्क झाला. चेंडूवर खरोखरच मैत्रिणीच्या डोक्याची गोल सावली सरकत होती, वेणीसकट. चुंबक गिळणारासुद्धा तोंड उघडं टाकून बघत होता. तेवढ्यात दारात काखेत फाइल धरलेले एक गृहस्थ उभे दिसले. कोणाचे तरी पालक असतील.

“काका, दारात नका ना उभे राहू, उजेड येतो,” तुरतुरी म्हणाली. “मागे जागा आहे, बसा.”

ते गृहस्थ मुकाट्यानं मागच्या बाकावर बसले, गुडघे पोटाशी घेऊन. तास संपेपर्यंत बसले. त्यांनी शंकाही विचारली, तिनं तीही झटक्यात उडवली. शेवटी ते उठले आणि म्हणाले, “फारच छान. मला लहानपणापासून हे कधी कळलंच नव्हतं. शिक्षक कुठे आहेत तुमचे?”

इथे तुरतुरीच्या डोक्यात दिवा पेटला. फाइल! न सांगता येणं! हेच ते साहेब! बाबा वर्गात नाहीत हे कळलं तर घात. बाबांना वाचवायला हवं, आणि वाचवायला आपल्याशिवाय आहे कोण?

“शिक्षकांची तुम्ही अजिबात काळजी करू नका, सर,” ती छाती पुढे काढून म्हणाली. “ते नसले तरी आमचं काहीसुद्धा अडत नाही!”

साहेबांनी फाइल उघडली आणि हे वाक्य जसंच्या तसं टिपून घेतलं. तुरतुरीला वाटलं, आपलं कौतुक लिहितायत.

मग साहेब कार्यालयात परतले. बाकावरून बाबा उठले, शर्ट नीट केला आणि अदबीनं म्हणाले, “साहेब, आमच्या शाळेच्या पाहणीला कधी येणार?”

साहेबांनी त्यांच्याकडे नुसतं बघितलं म्हणे. बाबा ती नजर पुढे कितीतरी दिवस विसरू शकले नाहीत.

अहवाल आला. कोर्टात बाबांची बाजू मांडणाऱ्या वकीलसाहेबांनी तो घरी येऊन वाचून दाखवला, आणि सल्लागार मंडळ जिन्यात दाटीवाटीनं उभं राहून ऐकत होतं. ‘पाहणीच्या वेळी वर्गात शिक्षक उपस्थित नव्हते. तथापि वर्ग शांत, अध्यापन उत्कृष्ट व विद्यार्थी तल्लीन आढळले. शिक्षक नसल्याने काही अडत नाही, असे विद्यार्थ्यांनी स्वतः सांगितले. सबब या पदाची आवश्यकता दिसून येत नाही. मान्यता नाकारण्यात येत आहे.’



“कोण कार्टं ते, असं बोलणारं?” काका जिन्यातून कडाडले.

तुरतुरीनं हळूच हात वर केला. सवयीनं.

आई म्हणाली, “अगं, तुला काय गरज होती?” मावशी म्हणाल्या, “पण शिकवलं चांगलं हो पोरीनं, उत्कृष्ट लिहिलंय.” तुरतुरीनं बाबांकडे बघितलं. रागावले असते तर बरं झालं असतं. ते रागावले नाहीत. त्यांनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा घातला आणि गॅलरीत जाऊन उभे राहिले. जो माणूस भाजीवाल्यालाही त्याचा तराजू कोणत्या प्रकारची तरफ आहे ते विचारतो, त्यानं तिला एवढंही विचारलं नाही, की तू शिकवलंस तरी काय?

दुसऱ्या दिवशी मोठ्या बाईंनी बाबांना बोलावलं. “सर, मला वाईट वाटतं. पण निकाल लागेपर्यंत तुम्ही वर्गात जाऊ नका. कार्यालयाला आवडणार नाही.” मग बाबा प्रयोगशाळेत बसू लागले. तिथे त्यांनी परीक्षानळ्या घासल्या. एवढ्या घासल्या, की त्यांतून पलीकडचं वाचता यायला लागलं. विज्ञानाचा तास खेळाच्या सरांकडे गेला. ते वर्गाला मैदानात न्यायचे. “गुरुत्वाकर्षण म्हणजे काय? पडलात की कळेल. पळा!”

पळताना तुरतुरीला प्रयोगशाळेची खिडकी दिसायची आणि खिडकीत बाबांची पाठ. वक्तृत्व स्पर्धेतल्या तिसऱ्याचा ताप आता आपल्याला चढतोय असं तिला वाटायचं. शेवटच्या बाकावरचा झोपाळूसुद्धा एकदा धापा टाकत म्हणाला, “सर कधी येणार गं? तिथे झोप तरी शांत लागायची.”

वकीलसाहेब पुन्हा कोर्टात गेले. न्यायाधीशांनी अहवाल वाचला, चष्म्यावरून बघितलं आणि म्हणाले, “विद्यार्थिनी चांगली शिकवते म्हणून शिक्षक नको? उद्या अशील चांगलं बोललं तर वकील नको म्हणाल.” हे ऐकून कोर्टातले सगळे वकील एकदम बाबांच्या बाजूचे झाले, सरकारी वकीलसुद्धा मनातून. कोर्टानं सांगितलं, शिक्षकाला बोलावून त्याचं म्हणणं नीट ऐका आणि कारणं देऊन नव्यानं निर्णय घ्या. आता जे ठरेल ते शेवटचं.

सुनावणीची नोटीस आली. तिच्या तळाशी एक ओळ होती: ‘सोबत सदर विद्यार्थिनीस आणावे.’

“सत्कार!” काका म्हणाले. “शाल आणि नारळ.”

“कसला सत्कार?” मावशी तोंडातली टाचणी काढून म्हणाल्या. “मला तर वाटतं हिलाच नेमतायत. बापाच्या जागी पोरगी.”

मावशी हे चेष्टेत म्हणाल्या. पण बाबा चहाचा कप खाली न ठेवता तसेच धरून राहिले, आणि बाबांची जागा आपणच खाल्ली की काय असं तुरतुरीला वाटलं. तरी खोटं का बोला, आतून अगदी बारीक गुदगुल्याही झाल्या. तिनं टॉर्च आणि चेंडू दप्तरात भरला. लागला तर असावा.

कार्यालयात जाताना वकीलसाहेबांनी बाबांना बजावलं, “सर, तुम्ही एकच वाक्य बोलायचं. ‘होय साहेब.’ बाकी मी बघतो. मध्ये पडलात तर केस गेली.” बाबा म्हणाले, “होय साहेब.” सराव सुरू झाला होता.

साहेबांच्या खोलीत मोठं टेबल होतं, टेबलावर दिवा, आणि टेबलामागे गोल फिरणारी खुर्ची. साहेबांचा चेहरा मात्र त्या दिवशीसारखा नव्हता.

“ये बाळ,” ते म्हणाले. आवाज जरा जास्तच गोड. “तो तास पुन्हा एकदा घेऊन दाखव. जसाच्या तसा.”

तुरतुरीला आणखी काय हवं होतं? तिनं पडदे ओढायला लावले, शिपाईमामांना पृथ्वी केलं, टॉर्च लावला आणि सुरू झाली. सावली जराशी, सावली अर्धी, सावली पूर्ण! मध्येच तिनं बाबांकडे बघितलं. ते खुर्चीच्या टोकावर आले होते, ओठ घट्ट मिटलेले, चेहरा लालबुंद. वकीलसाहेबांचा हात त्यांच्या गुडघ्यावर दाबून धरलेला. अभिमानानं भरून आलंय त्यांना, तुरतुरीला वाटलं, आणि तिनं आवाज आणखी चढवला.

“संपलं!” ती म्हणाली. “यात अवघड काय आहे?”

“काहीच नाही,” साहेब म्हणाले. “मीही हेच घरी जाऊन माझ्या मुलीला समजावलं. तिनं परीक्षेत हेच लिहिलं. शून्य मिळालं तिला.”

पृथ्वी झालेले शिपाईमामा हळूच बाजूला सरकले.

“मी तिच्या शिक्षिकेला पत्र पाठवलं. माझ्या पदाच्या नावानं. खुलासा मागवला, शून्य का दिलं म्हणून.” साहेबांनी घसा साफ केला. “त्यांनी खुलासा दिला. एकच प्रश्न विचारलाय. कधीकधी दुपारी आकाशात एका बाजूला सूर्य असतो आणि दुसऱ्या बाजूला अर्धा चंद्र, दोन्ही आपल्या डोळ्यांसमोर. मग त्या वेळी पृथ्वीची सावली चंद्रावर पोचते कशी? आपण तर मध्ये नाहीच! सांग, काय उत्तर पाठवू मी त्यांना?”

तुरतुरीनं चेंडूकडे बघितलं, टॉर्चकडे बघितलं. दुपारचा चंद्र तिनं स्वतः बघितला होता, शंभरदा, पळता पळता, मैदानावरून! तिच्या डोक्यातली ती गोल गरगरीत सावली एकाएकी कुठे निघून गेली कळेना, आणि मागे नुसता मोठा प्रश्न उरला. आणि मग ती मागे वळली. ठरवून नाही. मान आपोआपच वळली.

“बाबा,” ती म्हणाली, “मग कसं असतं?”

बाबांनी वकीलसाहेबांकडे बघितलं. वकीलसाहेबांनी बाबांच्या गुडघ्यावरचा हात काढला.

“बोला, सर,” ते हळूच म्हणाले. “मलाही माहीत नाहीये.”

त्यानंतर बाबा पांढऱ्या शर्टातले अर्जदार राहिले नाहीत. ते उठले, टॉर्च बंद केला, टेबलावरचा दिवा लावून त्याची मान वळवली आणि चेंडू साहेबांच्या हातात दिला.

“दिवा म्हणजे सूर्य. तुमचं डोकं पृथ्वी. हात लांब करा आणि खुर्ची सावकाश फिरवा. अहो, सावकाश! हात जरा डोक्याच्या वर, नाहीतर तुमचीच सावली पडेल. ती पडली की ग्रहण, आणि ते क्वचित. रोजचा चंद्र वेगळा. चंद्राचा अर्धा भाग कायम उजळलेलाच असतो. आपल्याला त्यातला किती दिसतो, एवढाच काय तो प्रश्न. दिव्याकडे तोंड केलंत, काय दिसतं?”

“चेंडूची काळी बाजू,” साहेब म्हणाले.

“अमावास्या. फिरा. आता?”

“कडेनं कोर... वाढतेय! अर्धा! अरे, आणि दिवाही दिसतोय मला, बाजूला!”

“तोच तुमचा दुपारचा चंद्र. फिरा अजून.”

साहेब फिरले. दिव्याकडे पाठ झाली आणि त्यांच्या हातात पूर्ण पांढराशुभ्र चेंडू उजळला. ते तसेच थांबले, हात वर, तोंड उघडं. मग पुन्हा फिरले. मग न सांगता आणखी एकदा. दारात कारकून जमले होते. “साहेब, आम्हालाही बघू दे ना,” त्यातला एक म्हणाला, तोच तो, गोपनीयवाला.

तुरतुरी कोपऱ्यात उभी होती. आपण एवढं चुकलो, चाळीस मुलांना चुकवलं, एका साहेबाला आणि त्याच्या मुलीलाही चुकवलं, याची लाज तिला वाटत होतीच. पण तिचं लक्ष बाबांकडे होतं. परीक्षानळ्या घासणारी ती पाठ पार सरळ झाली होती.

निर्णय लगेच आला. जिन्यात काकांनीच तो खणखणीत वाचला, कारण सरकारी भाषा वाचावी तर त्यांनी. ‘सदर विद्यार्थिनीने केलेल्या अध्यापनाचे दूरगामी परिणाम कार्यालयाच्या प्रत्यक्ष अनुभवास आले आहेत. ते विचारात घेता सदर शाळेस विज्ञान शिक्षकाची नितांत, तातडीची व कायम गरज असल्याचे सिद्ध होते. नियुक्तीस मान्यता देण्यात येत आहे.’

“बघा,” मावशी म्हणाल्या, “पांढरा शर्ट.”

आईनं तुरतुरीच्या पाठीत एक धपाटा घातला आणि मग तीच पाठ कुरवाळली. तुरतुरीला मात्र कळेना, हसावं की रुसावं. बाबा किती छान शिकवतात याबद्दल त्यात अक्षर नव्हतं. बाबांना मान्यता मिळाली ती तिनं वाईट शिकवलं म्हणून. आणि हे आता सरकारदरबारी कायमचं नोंदलं गेलं होतं, शिक्क्यासकट! वक्तृत्वाचं प्रशस्तिपत्रसुद्धा एवढ्या जाड कागदावर नव्हतं.

“बाबा, तुम्हाला वाईट नाही वाटलं?” तिनं विचारलं.

“कशाचं?” बाबा म्हणाले. ते उद्याच्या तासासाठी चेंडू पुसत होते.

दुसऱ्या दिवशी बाबा वर्गात आले आणि वर्गानं बाकं बडवली. बाबांनी डस्टर ठेवलं. “चंद्राच्या कला कशामुळे होतात?”

चाळीस हात वर गेले. “पृथ्वीच्या सावलीमुळे, सर!” चाळीस तोंडांनी, एका सुरात, काडीचीही शंका न घेता. बाबांनी डोळे मिटून घेतले. साहेबांना एका चकरेत पटलं होतं. इथे चाळीस चकरा होत्या.

तेवढ्यात आणखी एक हात वर गेला. तुरतुरी उभी राहिली. कानाच्या पाळ्या लाल, पण आवाज तोच, व्यासपीठावरचा.

“सर, ते चुकीचं आहे. मीच चुकीचं शिकवलं. बरोबर काय ते मी सांगू?”

बाबांनी चष्म्यावरून तिच्याकडे बघितलं.

“पूर्वपरवानगी घेतलीस?”

“तीच मागतेय, सर.”

“दिली,” बाबा म्हणाले, आणि चेंडू तिच्याकडे फेकला.

इतक्या लवकर उत्तर मिळालेला तो त्या सगळ्या प्रकरणातला एकमेव अर्ज होता. बाबा मागच्या बाकावर जाऊन बसले, झोपाळूच्या शेजारी, गुडघे पोटाशी घेऊन. या वेळी मात्र ते तास संपेपर्यंत तिथून हलणार नव्हते.